हाडाचा विलंब व माणसाचा विलंब

पुण्याच्या एका वाचकभगिनींनीं ह्या सदराकडे एक प्रश्न धाडला आहे. त्यांच्या सूनबाई घरीं बसून संगणकावर अमेरिकेंतील इस्पितळांचे कागद वाचतात आणि प्रत्येक कागदाला कांहीं अक्षरें व आंकडे जोडतात. ह्या उद्योगास 'मेडिकल कोडिंग' म्हणतात, पुण्या-मुंबईकडील व त्याहूनहि अधिक हैदराबाद-चेन्नईकडील पुष्कळ सुशिक्षित मुलामुलींचा चरितार्थ त्यावर चालतो, एवढें भगिनींना ठाऊक आहे. परंतु परवां जेवतांना सूनबाई सहज म्हणाल्या, "आज एका बोटानें अर्धा तास खाल्ला. डी घालावा कीं जी, तेंच ठरेना." पंक्तींतल्या वडील मंडळींना ह्याचें हसूं आलें. बोट मोडलें तर मोडलें; त्यांत अक्षराचा एवढा खल कसला? भगिनींचा प्रश्न असा कीं, हें काम वैद्याचें समजावें कीं कारकुनाचें?

आमच्या मतें तें साक्षेपी वाचकाचें काम आहे, आणि तेंहि अशा वाचकाचें कीं ज्यानें समोरच्या लिखाणापलीकडे एक शब्दहि बोलावयाचा नाहीं. हें कसें तें कळण्यास त्या बोटाकडेच वळलें पाहिजे.

अंगठ्याला दोन व बाकीच्या चार बोटांना प्रत्येकीं तीन, अशीं एका हाताच्या बोटांत चौदा हाडें असतात. समजा, एका गृहस्थांच्या उजव्या अनामिकेचें मधलें हाड दाराच्या फटींत सांपडून मोडलें, तुकडे जागचे सरकले, आणि उपचार होऊनहि हाड जितक्या दिवसांत धरावें तितक्यांत धरीना. ह्या सगळ्या हकीकतीस अमेरिकेंतील पद्धतीप्रमाणें एकच संकेत आहे: एस ६२.६२४ जी. एस म्हणजे दुखापत. ६२ म्हणजे मनगट व हात ह्यांतील अस्थिभंग. पुढील ६ म्हणजे अंगठ्याखेरीज इतर बोटें. २ म्हणजे मधलें हाड, तेंहि जागचें हललेलें. ४ म्हणजे उजवी अनामिका. डावी असती तर ५ आला असता. उजवी करंगळी असती तर ६. येथवर सारा भूगोल आहे, आणि भूगोल पाठ करण्यास कष्ट पडले तरी त्यांत वाद फारसा उत्पन्न होत नाहीं. सातव्या स्थानीं मात्र काळ येऊन बसला आहे. तेथें ए, बी, डी, जी, के, पी आणि एस अशीं सात अक्षरें येऊं शकतात. सूनबाईंचा अर्धा तास गेला तो तेथें.

हें संकेतशास्त्र मुळांत जिवंत माणसांकरितां निघालेंच नव्हतें. इंग्लंडांत १८३७ मध्यें जन्ममृत्यूंची सरकारी नोंद सुरू झाली. पुढें त्या खात्यांत आलेल्या विल्यम फार ह्या आंकडेशास्त्रज्ञानें मरणाच्या कारणांस सर्वत्र एकच नांव असावें असा आग्रह धरला. एकाच रोगाला तीन-चार नांवें असलीं तर बेरीज करावयाची कशाची, असा त्याचा रोकडा मुद्दा होता. १८९३ मध्यें पॅरिस शहराच्या आंकडेखात्याचा प्रमुख झाक बर्तियों ह्यानें शिकागो येथें मरणाच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी मांडली. तिची सहावी आवृत्ति १९४८ मध्यें जागतिक आरोग्य संघटनेच्या हातून निघाली, तेव्हां प्रथमच जिवंतांचे रोग व दुखापती तींत आल्या. तोंपर्यंत बोट बांधून घरीं परतलेला माणूस ह्या जागतिक हिशेबांत नव्हताच. दहावी आवृत्ति १९९० मध्यें मान्य झाली. अमेरिकेनें तिला आपल्या सोयीचा मोठा विस्तार जोडला आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती इस्पितळांस लागू केली. त्यापूर्वींच्या नवव्या आवृत्तींत बोटाचें मुळाशीं असलेलें हाड व मधलें हाड मिळून एकच अंक होता, आणि कोणतें बोट व कोणता हात हें सांगण्याची सोयच नव्हती. नव्या आवृत्तीनें संकेतांची संख्या सुमारें चौदा हजारांवरून सुमारें सत्तर हजारांवर नेली. पोपट चावल्याचा संकेत निराळा व बदकानें धडक दिल्याचा निराळा, ह्यावरून तिकडे विनोदहि पुष्कळ झाले. अकरावी आवृत्ति १ जानेवारी २०२२ पासून अमलांत आली असली तरी अमेरिकेंतील इस्पितळें अद्याप दहावीवरच चालतात.

आतां तीं सात अक्षरें. हाड कातडीआड मोडलें असून इलाज चालू असला तर ए. कातडी फाटून जखम मोडलेल्या हाडाशीं भिडली असली तर बी. ह्या दोन अक्षरांचा अर्थ 'आरंभीची भेट' असा छापलेला आहे, आणि नवशिके त्यावर हटकून घसरतात. भेट पहिली कीं पांचवी हें येथें पाहावयाचें नसतें. मोडलेल्या हाडावर प्रत्यक्ष इलाज चालू आहे कीं नाहीं तें पाहावयाचें असतें. तिसऱ्या आठवड्यांत दुसऱ्याच शस्त्रवैद्यानें तार घालून हाड बसविलें तरी तेथें ए येतो. इलाजाचा भर ओसरून देखरेख तेवढी उरली, प्लॅस्टर बदललें, तार काढली, किंवा हाड कितपत धरलें हें पाहण्यास क्ष-किरणांचें चित्र घेतलें, म्हणजे डी. त्याचा अर्थ, सर्व रीतसर चाललें आहे. हाड उशिरानें जुळत असेल तर जी. जुळलेंच नाहीं तर के. जुळलें, पण वांकडें जुळलें तर पी. शेवटचा एस हा मागें राहिलेल्या व्यंगाचा. उदाहरणार्थ, बोटाचा सांधा कायमचा आंखडला तर त्या आंखडण्याचा संकेत आधीं देऊन मग मूळ अस्थिभंगाच्या संकेतास हें अक्षर लावतात.

डी व जी ह्यांमधील रेघ कोठें ओढावी? नियमांच्या ग्रंथांत त्यासाठीं दिवसांचा आंकडा दिलेला नाहीं, आणि तें आम्हांस योग्यच वाटतें. हाड मोडलें म्हणजे प्रथम त्या फटींत रक्त सांकळतें. त्यांत नवीन पेशी शिरून मऊ, कूर्चेसारखा जोड बनतो. मग त्यांत चुना बसून तो कठीण होतो, आणि पुढें कित्येक महिने शरीर त्यास तासून मूळ आकारावर आणीत असतें. बोटाचें साधें मोडलेलें हाड बहुधा तीन-चार आठवड्यांत इतकें धरतें कीं दाबल्यास फारसें दुखत नाहीं व बोट जपून हलवावयास हरकत नसते. पण चित्रांतील फटीची काळी रेघ त्यानंतरहि कित्येक महिने दिसत राहते, कारण क्ष-किरणांना चुना दिसतो, मऊ जोड दिसत नाहीं. म्हणून केवळ चित्र पाहून 'अजून जुळलें नाहीं' म्हणणारा फसतो. आणि त्या भयानें बोट वाजवीपेक्षां अधिक दिवस बांधून ठेवलें तर हाड जुळतें, पण सांधा आंखडून बसतो. बोटांच्या बाबतींत ही दुसरी आपत्ति पहिलीहून अधिक वेळां ओढवते.

सुश्रुतसंहितेंत सांधे निखळण्याचे सहा व हाड मोडण्याचे बारा प्रकार सांगितले आहेत, हें आपल्या वाचकांपैकीं कित्येकांस ठाऊक असेल. त्याच ग्रंथाच्या चिकित्सास्थानांत असेंहि सांगितलें आहे कीं, लहान वयांत जें एका महिन्यांत स्थिर होतें त्यास मध्यम वयांत दुप्पट व उतारवयांत तिप्पट काळ लागतो. हे आंकडे बोटाच्या हाडास तंतोतंत लागू करण्याचें कारण नाहीं. परंतु त्यामागील विचार पक्का आहे. विलंब झाला असें म्हणण्यापूर्वीं ह्या माणसाचें हें हाड केव्हां जुळावयास हवें होतें, तें ठरवावें लागतें. आठ वर्षांच्या मुलाचा हिशेब निराळा, साठीच्या मधुमेही गृहस्थांचा निराळा, विडी-सिगारेट न सोडणाऱ्याचा निराळा. हाडाचा चुरा झाला असेल, जखम चिघळली असेल, तुकडे नीट धरून ठेवले गेले नसतील, किंवा त्यांच्यामध्यें मांस अडकलें असेल, तर तीन आठवड्यांची भाषा बोलण्यांत अर्थ नाहीं. उलट, नखाखालील टोंकाचें हाड चुरडलें तर तें कधीं कधीं पक्कें न जुळतां तंतूंनींच धरून राहतें, आणि त्या माणसाला त्याचा पत्ताहि नसतो. इतक्या गोष्टी ज्याच्या डोळ्यांपुढें आहेत आणि ज्यानें बोट हातांत घेऊन दाबून पाहिलें आहे, त्या डॉक्टरचाच शब्द येथें प्रमाण.

अडचण अशी कीं, तो शब्द डॉक्टर पुष्कळदां लिहीतच नाहीं. सूनबाईंपुढें समजा असा कागद आला: नववा आठवडा, दाबल्यास अजून दुखतें, फट दिसते, चार आठवड्यांनीं पुन्हां यावें. वाचणारीच्या मनांत जी आल्यावांचून राहत नाहीं. तरीहि तो घालण्याचा तिला अधिकार नाहीं. आठवडे मोजून, चित्राचा अर्थ लावून, स्वतःच्या ज्ञानावर निदान करणें हें तिचें काम नव्हे, मग ती स्वतः वैद्यकाची पदवीधर कां असेना. 'हाड जुळण्यास विलंब होत आहे' ह्या अर्थाचे शब्द डॉक्टरनें लिहिलेले पाहिजेत. नसतील तर डॉक्टरला विचारणा करावयाची, आणि त्या विचारणेसहि मर्यादा आहे. 'विलंबच आहे ना?' असा, उत्तर तोंडांत घालणारा प्रश्न चालत नाहीं. कागदावरील लक्षणें मांडून, ह्या हाडाच्या जुळणीची स्थिति आपल्या मतें कशी आहे, एवढेंच विचारावयाचें. न्यायालयांत साक्षीदाराला विचारतांना वकिलांनीं जें पथ्य पाळावयाचें तेंच हें.

बाह्यरुग्णाच्या कागदावर डॉक्टरनें 'विलंब असावा' असा नुसता संशय लिहिला तर तोहि धरावयाचा नाहीं. इस्पितळांत राहून घरीं जाणाऱ्या रुग्णाच्या शेवटच्या कागदावर तसाच संशय असला तर मात्र तो खरा धरून चालतात. एकाच वाक्याला दोन दारांवर दोन न्याय! कांहीं ठिकाणीं तर डॉक्टरच्या मौनालाहि अर्थ दिलेला आहे: तुकडे सरकले कीं नाहीं हें न लिहिल्यास सरकले असें धरावें, जखम उघडी कीं बंद हें न लिहिल्यास बंद धरावी. जुळणीविषयीं मौन असलें, आणि घाईंत विचारणेचें पत्रहि गेलें नाहीं, तर व्यवहारांत त्याचा डी होऊन जातो.

ह्या मौनाची किंमत डॉक्टर देत नाहीं. अमेरिकेंत उपचाराचा बहुतेक पैसा विमा कंपन्या किंवा सरकारी योजना देतात, आणि देण्यापूर्वीं त्या संकेत पाहतात. नवव्या आठवड्याच्या कागदावर डी असला तर तो कागद म्हणतो, सर्व रीतसर आहे. मग पुन्हां चित्र कशाला, बोटाच्या व्यायामाच्या आणखी बैठका कशाला, असें विमावाल्यानें विचारलें तर त्याला तरी दोष कसा द्यावा? ज्याच्या बोटाचें हाड अजून धरलें नाहीं असा सुतार त्या एका अक्षरानें आळशी ठरूं शकतो. ह्याच्या उलट, अधिक पैसे सुटावेत म्हणून नसलेला जी घालणें हेंहि तितकेंच घातक. सरकारकडून खोट्या मागणीनें पैसे उकळणाऱ्यास दंड करणारा कायदा तिकडे १८६३ पासून आहे. यादवी युद्धांत सैन्याला निकृष्ट माल विकणाऱ्या ठेकेदारांकरितां तो लिंकनच्या कारकीर्दींत झाला, आणि आज तो इस्पितळांच्या हिशेबांनाहि लागू पडतो. शिवाय तंबाखूनें किंवा मधुमेहानें बोटाचीं हाडें किती रेंगाळतात हें ज्यांना ह्या कागदांवरून मोजावयाचें आहे, त्यांच्या दृष्टीनें डी पडलेलें प्रत्येक रेंगाळलेलें हाड जगांत नव्हतेंच. विल्यम फारची बेरीज तेथेंच पुन्हां चुकते.

ह्या नियमांतील एक कलम आम्हांस सर्वांत अधिक विचार करण्याजोगें वाटलें. कोणी माणूस बोट मोडल्यावर दोन महिने डॉक्टरकडे गेलाच नाहीं, आणि मग गेला, तर त्याच्या कागदावर जी येत नाहीं. इलाज आतां सुरू झाला, म्हणून ए. इतकेंच काय, हाड मुळींच न जुळलेल्या अवस्थेंत तो प्रथम आला तरीहि अक्षर आरंभीचेंच. हाडाच्या विलंबाला सातव्या स्थानीं जागा आहे. माणसाच्या विलंबाला तेथें नाहीं.

आणि आपल्या घरांतून पाहावयास मिळतो तो बहुधा हा दुसरा. पंचवीस पानें उठणाऱ्या घरांत सणाच्या आदल्या दिवशीं वहिनींचें बोट कोठीच्या दारांत चेमटतें. 'मुरगळलें असेल' म्हणून वर हळद-तेल चढतें, चिंधी गुंडाळली जाते, आणि त्याच हातानें पुरणाची कणीक भिजवली जाते. सण होतो, मग पाहुणे होतात, मग मुलांच्या परीक्षा. घरांत माणसें पुष्कळ असतात, म्हणूनच कोणी तरी दाखवून आणलें असेल असें प्रत्येकास वाटतें; आणि वहिनी स्वतः बोलत नाहींत, कारण एका बोटासाठीं घर अडवून ठेवणें त्यांना प्रशस्त वाटत नाहीं. महिन्या-दीड महिन्यानें सूज उतरते तेव्हां मूठ मिटतांना तें बोट शेजारच्या बोटावर चढूं लागतें. हाड जुळलेलें असतें, पण पिळलेल्या स्थितींत. पहिल्या आठवड्यांत जें नुसत्या हातानें, किंवा फार तर एक तार घालून, सरळ झालें असतें, तेंच आतां शस्त्रानें पुन्हां कापून बसवावें लागतें.

म्हणून घरांतील वडील बायकांस आमची विनंति आहे कीं, हात दुखावलेल्या माणसास 'दुखतें कां?' एवढेंच विचारून थांबूं नये. प्रथम अंगठी काढावी, सूज चढण्यापूर्वींच. मग मूठ हळूच, होईल तितकी मिटावयास सांगावी. निरोगी हाताच्या मिटलेल्या बोटांचीं टोंकें अंगठ्याच्या मुळाकडे, मनगटाच्या दिशेनें वळतात. एखादें बोट वाट सोडून शेजाऱ्यावर चढत असेल, किंवा नखांची ओळ दुसऱ्या हाताहून निराळी दिसत असेल, तर तेल चोळीत बसूं नये. बोट हलतें त्या अर्थीं हाड शाबूत आहे, हा सार्वत्रिक समज खोटा आहे. मोडलेलें बोटहि हलतें. कातडी फाटली असेल किंवा बोट बधिर झालें असेल तर त्याच दिवशीं डॉक्टरकडे जावें. ठिसूळ हाडांच्या आजीबाईंचें बोट नुसत्या टेकण्यानें मोडलें तर तिकडच्या नियमांत तो अपघातच धरीत नाहींत. ठिसूळपणा आधीं ठाऊक असेल तर एस ऐवजीं एम ८० हा रोगाचा संकेत येतो. त्यांतील शहाणपण घरींहि घेण्याजोगें आहे: अशा वेळीं बोटाबरोबर आजीबाईंच्या हाडांचीहि तपासणी करवावी.

आपल्याकडील इस्पितळांत दहाव्या आवृत्तीचें मूळ जागतिक स्वरूप वापरतात. त्यांत हें सातवें अक्षर नाहीं. उशिरानें जुळणाऱ्या हाडाला एम ८४.२ असा निराळा अंक आहे, पण कोणतें बोट व कोणता हात हें त्यावरून कळत नाहीं. तेव्हां आपल्या घरापुरती सारी भिस्त डॉक्टरच्या चार ओळींवर. त्या ओळींत दुखापतीची तारीख आहे कीं नाहीं, मोडलेलें हाड मुळाचें, मधलें कीं टोंकाचें, तुकडे सरकले होते काय, आणि पुढच्या प्रत्येक भेटींत जुळणी कशी चालली आहे, एवढें घरच्या कोणी तरी वाचून पाहावें, आणि नसेल तर नम्रपणें लिहून मागावें. गांव बदललें, डॉक्टर बदलला, कीं हाड उशीर करीत आहे हें ओळखण्यास नव्या डॉक्टरजवळ दुसरें साधन नसतें. बोटाला मात्र क्रमांक देऊं देऊं नये. अंगठ्यापासून मोजणाऱ्याचें तिसरें बोट मध्यमा. अंगठा सोडून मोजणाऱ्याचें अनामिका. कागदावर नांवच असावें, तर्जनी, मध्यमा, अनामिका किंवा करंगळी, आणि त्याच्या आधीं उजवी कीं डावी.